फ्रेममध्ये यायचं नाही

माझी थोरली बहीण माहितीपट काढायची आणि मी ते कापायचो, म्हणजे एडिटिंग करायचो. आई म्हणायची, एकीनं पसारा मांडायचा नि दुसऱ्यानं आवरायचा, लहानपणापासून यांचं हेच. जग तिला ताई म्हणायचं. ज्यांच्याकडे कोणी ढुंकूनही बघत नाही, त्यांच्यात ती महिनोन्महिने जाऊन राहायची. मायाळू म्हणाल तर नव्हती. आई अंथरुणाला खिळली तेव्हा ही पाहुणीसारखी आली आणि खिडकीतला उजेड छान पडतोय एवढंच बोलून निघून गेली. ते मी विसरलो नाही.

कामात तिचा एकच नियम. कॅमेरा स्टँडवर लावायचा आणि सगळ्यांना बजावायचं, "मी इथं नाहीच असं समजा. माझ्याकडे बघायचं नाही, हातातलं काम सोडायचं नाही, मधेच उठून फ्रेममध्ये यायचं नाही." कुणी चुकून बघितलं की पुन्हा पहिल्यापासून. कचराडेपोवर कचरा निवडणाऱ्या बायकांकडून तिनं हे इतकं घोटवून घेतलं, की कॅमेऱ्याचा लाल दिवा लागला की त्यांच्या माना आपोआप खाली जायच्या.

तिथेच एका लहान पोरीच्या पायात पत्रा घुसला. पोर ताईकडे हात करून "मावशी, मावशी" किंचाळत होती. ताई जागची हलली नाही. पोरीची आई ढिगाच्या पलीकडून धावत येईपर्यंत सगळं टिपलं गेलं. वाहिनीवाले म्हणाले, ओरडणं जरा कमी करा, लोक जेवत असतात. ताई कडाडली, "एक सेकंदही कापायचा नाही! ऐकू दे की त्यांना!" फिल्म गाजली. ताईला बक्षिसं मिळाली. बायकांना हातमोजे, बूट आणि डेपोशेजारी दवाखाना मिळाला, हेही खरंच. पोरीचा पाय मात्र वाकडा राहिला आणि लंगडी हेच तिचं नाव पडलं.

बऱ्याच वर्षांनी ताई त्याच डेपोवर पुन्हा गेली. साठी उलटली होती आणि तिच्या हाताखाली टिकेल असं माणूस उरलं नव्हतं, म्हणून एकटीच.

पुढचं मी पडद्यावर बघितलं. बायका रांगेत बसून कचरा निवडताहेत. मागे फडफडणारी एक पिशवी ताईला नडते, ती काढायला ती ढिगावर चढते. ढीग खचतो. ताई कमरेवर आपटते, पाय खाली अडकतो. "अगं, उचला मला!" एकही मान वर होत नाही. सगळ्यांत जवळ लंगडी, आता दोन मुलांची आई. ती बाटल्या एका पोत्यात टाकतेय, डबे दुसऱ्यात. ताई शिव्या देते, हात जोडते, शेवटी "आई गं, आई गं" करत रडते. आईची आठवण तेव्हा झाली. मग बॅटरी संपते आणि पडदा काळा होतो. त्यानंतर त्याच बायकांनी तिला हातगाडीवर घालून त्याच दवाखान्यात नेलं.

मी लंगडीला जाब विचारायला गेलो.

"दादा, तुमच्या ताईनंच शिकवलंय," ती म्हणाली. "उठलो असतो तर त्यांना पुन्हा पहिल्यापासून पडायला लागलं असतं."

बाकीच्या बायका खुदकन हसल्या. मलाही हसू आलं.

ताईचा खुबा मोडला तो मोडलाच. तिला ते चित्रण मी खाटेवरच दाखवलं. तिनं पापणीही हलवली नाही.

"शॉट उत्तम आहे, ठेव. फक्त माझा आवाज काढ."

"सगळा?"

"सगळा. लोक काय म्हणतील?"

"ताई, एक सेकंदही कापायचा नाही ना?"

तिनं भिंतीकडे तोंड फिरवलं. मी कापला नाही, आणि मला तिची कीवही आली नाही.

पहिल्या खेळाला ती चाकांच्या खुर्चीत पुढे बसली होती. पडद्यावर तिच्या हाका सुरू झाल्या. तिनं दोन्ही कानांवर हात ठेवले आणि मग शेजारच्या बाईचा पदर ओढून म्हणाली, "मला बाहेर न्या."

"श्शू," बाई म्हणाली. तिचे डोळे भरून आले होते आणि ती पडद्याकडे बघत होती.