तिसरी हाक

योगिनीचा धंदा लग्नाच्या शूटिंगचा. भोसरीत छोटासा गाळा, हातात कॅमेरा आणि तोंडात कायम "काकू, परत एकदा हसा की." चाकणच्या पलीकडच्या एका गावात जमिनीच्या मोजणीवरून दगडफेक झाली, गावातले पुरुष पांगले, आणि बाईसाहेबांच्या डोक्यात माहितीपट शिरला. फुटलेली डोकी सगळेच दाखवतात. मागे राहिलेल्या बायका कशा जगतात ते आपण दाखवायचं. नवऱ्याने कपाळाला हात लावला. ती गेलीच.

गावात शिरल्यावर मात्र तिची बडबड आटली. चुली पेटत होत्या, धुणी वाळत होती, पण दोरीवर एकही पुरुषाचा सदरा नव्हता. वेशीपाशी पोलिसांची गाडी उभी होती. दिवेलागणीला दारोदारी एकेक बाई यायची, उसाकडे तोंड करून दोनदा हाक मारायची आणि दार लावून घ्यायची. ओ कधीच यायची नाही. योगिनीच्या अंगावर रोज नव्याने काटा यायचा.

ती उतरली होती तानाबाईंकडे. त्यांचा गोरक्ष कंपनीत वेल्डर. दगडफेकीत नाव आलं तसा तो परागंदा झाला होता, तरी त्याचं ताट रोज वाढलं जायचं.

"दोनदाच का हो हाक मारता, मावशी?"

"तिन्हीसांजेला भूतबी हाक मारतं, पोरी. पर त्याला तिसरी हाक मारता येत न्हाई. म्हून आमच्यात तिसऱ्या हाकेबिगर कुणी ओ देत न्हाई." मग त्यांनी आवाज खाली आणला. "दोन हाका म्हंजी म्या हाय, पर पोलीसबी हाईत. गाडी गेली की मारीन तिसरी."

त्या संध्याकाळी हवं तसं दृश्य मिळालं. दार, दिवा, तानाबाईंच्या दोन हाका, आणि त्यांच्या पदराला आवाज टिपून ठेवणारा इवलासा माईक. शूटिंग झालं की लागलीच घरच्यांना दाखवायचं, ही योगिनीची लग्नघरातली सवय. करवल्यांच्या गलक्यातही ऐकू जावं म्हणून स्पीकर चांगला दणदणीत घेतलेला. "बघा मावशी, किती छान आलंय," म्हणत तिने अंगणातच बटण दाबलं.

"गोरक्षाऽऽ!"

तानाबाईंचे ओठ मिटलेले होते, आणि त्यांचाच आवाज उसावरून लांब गेला. योगिनीने धडपडत स्पीकर बंद केला. तोवर ऊस सळसळला होता.

"ओ! आलो गं आई!"

काय आनंद होता त्या आवाजात! पोलिसांच्या बॅटऱ्या चमकल्या. उंबऱ्याला पाय लागायच्या आतच गोरक्षला धरलं. जाताना तो आईकडे बघत राहिला.

"आई, तूच मारलीस ना हाक?"



दुसऱ्या दिवशी दिवे लागले, पण गल्लीत कुणीच हाक मारली नाही. आईचा आवाजसुद्धा आता भरवशाचा राहिला नव्हता. योगिनी रडत रडत बॅग भरत होती. तानाबाई गोरक्षचं ताट वाढून तिच्यासमोर येऊन बसल्या. पदराला लावलेला तो इवलासा माईक त्यांनी काढून पुढे धरला.

"ह्यो कालच्यानं चालूच व्हता का गं?"

योगिनीने होकारार्थी मान हलवली.

"मग त्याची ओ असंल ह्यात. माझी हाक नगं. त्याची ओ तेवढी लाव."

योगिनीने हेडफोन त्यांच्या कानांवर चढवला. तानाबाईंनी डोळे मिटून ऐकलं. मग शेजारी गोरक्षला बसायला जागा करून दिली, आणि त्याच्या ताटातली भाकरी दुधात कुस्करायला घेतली.