ओर्काने देऊ केलेला घास

नॉर्वेला लेकीकडे गेले होते, तेव्हा तिने मला ओर्का, म्हणजे शिकारी देवमासे, बघायला बोटीतून समुद्रात नेलं. त्या काळ्यापांढऱ्या अजस्र जिवांपैकी चार-पाच जणांनी सील नावाच्या एका समुद्री प्राण्याला घेरलं, शेपटीने हवेत उडवलं आणि पाणी लाल झालं. मी डोळे मिटून घेतले.

डोळे उघडले, तर त्या ओर्कांतला एक बोटीजवळ आला होता. त्याने तोंडातला मांसाचा तुकडा माझ्यापुढे पाण्यावर अलगद सोडला आणि तो वाट बघत थांबला.

“आई, तुला देतोय तो,” लेक कुजबुजली.

“मला? का गं?”

“ते कुणालाच नीट कळलेलं नाही.”

मी हात पुढे केला आणि मागे घेतला. जरा वेळाने तुकडा उचलून तो ओर्का खोल पाण्यात निघून गेला. त्याला माझी दया आली होती, की मी कोण हे तो चाचपून बघत होता?

“घाबरलीस?” लेकीने विचारलं.

मी मान हलवली, पण हो म्हणून की नाही म्हणून, ते मलाच सांगता येईना.