शेवटच्या ओळीतली बाई

राज्य द्विभाषिक झालं त्या वर्षी माझं लग्न झालं आणि मी ढाणकीहून पांढरकवड्याला आले. दोन्ही घरं गुजराती, पण माझी शाळा मराठी आणि जीभ वऱ्हाडी. आमचे हे कापसाची दलाली करायचे. माणूस कमी बोलणारा. लग्न ठरवताना मामांनी एवढं एकच कौतुक सांगितलं होतं, तेव्हाच मला शंका यायला हवी होती.

ती आली सकाळी दाढीच्या वेळी. हे गालाला साबण फासून पुटपुटायचे, वाटीच्या काठावर बोटांनी ठेका धरायचे, एकच ओळ घोळवत बसायचे. ही गुजराती गझल आहे आणि यांची स्वतःची आहे, एवढं कळायला मी काही खुळी नव्हते. पण प्रत्येक गझलेच्या शेवटच्या ओळीत एक नाव यायचं. दर वेळी तेच. ते मी इथे लिहीत नाही; अजून हात धजत नाही. त्या नावाला हे विनवायचे, समजूत घालायचे, आता तरी घरी चल म्हणायचे. आणि घरात मी चुलीपुढे भाकरी थापत बसलेली असायची.

अभंगाच्या शेवटी संत आपलं नाव घालतात, हे मला ठाऊक होतं. पण संत काय ते सांगून मोकळे होतात. अशा मिनतवाऱ्या करत नाहीत.

मग कोट. मधूनच एखाद्या रविवारी दुपारी हे 'बाजाराचं काम आहे' म्हणून जायचे, आणि परत आले की कोटाच्या बाहीला हिन्याच्या अत्तराचा वास. कापसातल्या माणसाच्या अंगाला सरकीचा वास यावा. संध्याकाळी हे कॉटवर कलंडले की मी कोट खुंटीवरून काढून हुंगायची, खिसे उलटे करायची आणि तोंडात पदर कोंबून रडायची. ढाणकीच्या भावाने सांगून ठेवलं होतं, "तू फक्त निरोप धाड, मी न्याले येतो." ट्रंक भरून तयार होती. हातात पुरावा तेवढा यायचा होता.

महाराष्ट्र वेगळा झाला, त्यानंतरच्या थंडीत एका मुसलमान कापूस व्यापाऱ्याची बायको मला बाजारात भेटली. "रविवारी आमच्या घरी मुशायरा हाय," ती म्हणाली. "तुमचे शेठ तं दर खेपेले असतात. तुम्ही काहून येत नाही?"

मी येते म्हणाले. यांना सांगितलं नाही.

बायकांची बैठक बांबूच्या चिकाच्या पडद्याआड होती. दारात व्यापारी उभे राहून येणाऱ्या प्रत्येकाच्या बाहीला अत्तर लावत होते. हिना. म्हणजे निम्मा पुरावा तिथेच गळाला, आणि खोटं कशाला सांगू, मी थोडी हिरमुसले. पण नाव अजून राहिलं होतं. दोघातिघांचं म्हणून झालं आणि व्यापाऱ्यांनी पुढचं नाव पुकारलं. तेच नाव. मी चिक बोटाने सारून दाराकडे टक लावली. कशी असेल, गोरी असेल का, एवढ्या पुरुषांत बसते कशी.

उठले ते आमचे हे.

"त्या बाईचं नाव घेतलं ना त्याहीनं?" मी व्यापाऱ्यांच्या बायकोला विचारलं.

"कोन्ती बाई? तुमच्या घरवाल्याचं शायरीतलं नाव हाय ते. शायर लोक शेवटी आपल्या नावालेच बोलतात."

मला हसू आवरेना. इतकी वर्षं सवत म्हणून मी नवऱ्यालाच शिव्या घालत होते. घरी गेल्याबरोबर ट्रंक रिकामी करायची, असं मी तिथेच ठरवलं.

तेवढ्यात यांनी नवी गझल सुरू केली. तिच्यातल्या एका शेराचा अर्थ असा होता: संध्याकाळी कुणीतरी माझा रिकामा कोट छातीशी धरून रडतं आहे, आणि मी झोपेचं सोंग घेऊन तिला पाहतो आहे. वाहवा उठली. लोकांनी तो पुन्हा म्हणायला लावला, यांनी पुन्हा म्हटला. माझं हसू गेलं.

मुशायरा संपल्यावर मी दारात यांची वाट पाहिली आणि परतताना वाटेत विचारलं, "तुम्ही जागे होते?"

"होतो."

"मंग बोलले काहून नाही?"

यांनी कोटाचं बटण लावलं. मग म्हणाले, "शेर पुरा होत नव्हता."

मी ढाणकीला गेले नाही, पण ट्रंकही रिकामी केली नाही. पुढे यांचं बरंच नाव झालं. तो शेर लोक मलाच ऐकवायचे आणि मी ऐकून घ्यायची. काही वर्षांनी माझी आई गेल्याची तार आली, तेव्हा हे कॉटवर डोळे मिटून पडले होते. मी तार घेतली आणि रडायला परसात गेले.