साखऱ्यातलं ‘बराबर’

अक्काचा निरोप आला, “वाट बंद झाली, ये,” आणि वसमतच्या माझ्या कापडदुकानाला कुलूप लागलं. अक्काच्या गावच्या, साखऱ्याच्या मारोतरावांनी आपल्या रानातून ओढ्याला जाणारी वाट काट्यांनी अडवली होती. मेंढरांना जवळचं पाणी नाही, म्हणजे अक्का-दाजींना गाव सोडावं लागणार. मीही मेंढरांमागेच वाढलो, पण दुकान उभं केलं ते जिभेवर. म्हटलं, चला, तीच कामाला लावू.

हिंगोलीपर्यंत आगगाडी, पुढं सेनगाववरून बैलगाडी. गाडीवान सांगेल त्यात एक आणा घासाघीस जरूर करा, पण तंबाखू सढळ हातानं द्या. धक्के कमी बसतात. पावसाळ्यात मात्र बेत नको, काळी माती चाक सोडत नाही. पोचल्यावर अक्काच्या हातची ज्वारीची भाकरी, अंबाडीची भाजी. शीण गेला.

सकाळी गावाची बैठक बसली ती अडवलेल्या वाटेवरच. साखऱ्याची रीत अशी, की आधी समोरच्याचं दुखणं आपण सांगायचं. तो ‘बराबर’ म्हणाला, तरच आपलं गाऱ्हाणं मांडायचं.

दाजी उठले. “मेंढरं ह्यांचं पीक खाऊन राहिली, हेच दुखणं.”

“न्हाई,” मारोतराव म्हणाले.

मग मी उपरणं सावरलं. कष्ट, बांध, पाऊसपाणी, सगळं फिरवून आणलं. माना डोलल्या.

“पावनं गोड बोलले,” मारोतराव म्हणाले, “पर माझं दुखणं न्हाई हे.”

“मंग तुमीच सांगा की!” मी म्हणालो.

“मी काहून सांगू?”

“वसमतचं कापड आखूड पडलं!” मागून कुणीतरी म्हणालं. सगळे हसले, मीही.

अक्कानं पदर सावरला. बसल्या जागेवरूनच बोलली, “मारोतभाऊ, दर साली आमची मेंढरं खतासाठी तुमच्या रानात बसत्यात. औंदा आमी शेजारच्या रानात बसवली. तुमाला इचारलंबी न्हाई. चार लोकांत तुमचा मान गेला.”

 मारोतराव हळूच म्हणाले, “बराबर.”

आता पाळी त्यांची. “ही बाई टेकडीमागून फिरून पाण्याला जाऊन राहिली. थकलेली कोकरं पदरात घेऊन येती. मी रोज बघून राहिलो.”

“बराबर,” अक्का म्हणाली.

काटे मारोतरावांनी स्वतः ओढून काढले. कळप कुठं बसवायचा, हे त्या दिवशी दाजींनी आधी त्यांनाच विचारलं.

आता दुकानात गिऱ्हाईक तणतणत आलं, की आधी त्याचंच म्हणणं मी मांडतो. दोनदा ‘न्हाई’ ऐकतो, तिसऱ्यांदा मांडतो. बाजारात माझ्या बोलण्याची तारीफ होते. मी सांगतो, आमच्या घरात बोलणारी अक्का. मी नुसता दुकानदार. साखऱ्याला गेलात तर ओढ्याच्या वाटेनंच जा. ती उघडी आहे.