कंपनीचा उंबरा

आमच्या मालकांचं नाव रामलिंग, पण गावात त्यांना पट्टीवाले अप्पाच म्हणतात. जत्रेत महादेवापुढं गावजेवण असतं, त्यासाठी दर उंबऱ्यामागं शंभर रुपये उंबरापट्टी. बावीस वर्षं झाली, हेच गोळा करतात. घरात मीठ संपलं म्हणून मी कोकलायली, अन् ह्यांचं ध्यान गावच्या उंबऱ्यांवर!

यंदा पेडगावच्या रस्त्याला गुजरातेतल्या एका कंपनीनं रानात सोलारच्या प्लेटा बसवल्या. झालं, ह्यांच्या अंगात आलं. परभणीहून शिक्का करून आणला अन् कंपनीला नोटीस धाडली, "आठ दिवसांत उंबरापट्टी भरावी, अन्यथा कारवाई होईल."

मी म्हणलं, "अहो, देवाची पट्टी हाय का जप्ती?"

"नीलम्मा, तुला कायद्यातलं कळत न्हाई."

ह्यांना लय कळतं! कंपनीच्या पहारेकऱ्याच्या खोलीला उंबराच न्हाई, हे मागून ध्यानात आलं. मग सुताराकडनं बाभळीचा उंबरा करून घेतला अन् स्वतः नेऊन बसवला. पहारेकरी त्याला ठेचकाळून तोंडावर पडला, ते वेगळंच.

पंधरा दिवसांनी कंपनीच्या वकिलाचं रजिस्टर पत्र आलं. भर देवळात, सगळं गाव बसलेलं, ह्यांनी खड्या आवाजात वाचलं. "आमची कंपनी परराज्यातली आहे. बाहेरच्या कंपनीवर राज्य सरकारलासुद्धा मनाला येईल तसा कर लावता येत नाही, तिथं तुम्ही कोण? राज्यघटनेचं कलम दोनशे पासष्ट पाहावं. कायद्याच्या आधाराशिवाय कोणताही कर बसवता येत नाही, वसूलही करता येत नाही."

"बघा, कसली मस्ती हाय!" मालक म्हणाले. पण गाव विचारात पडलं होतं.

दुसऱ्या दिवशी साठ एकरांचे धनी माणिकराव म्हणाले, "अप्पा, आदी कायदा दाखवा, मग पट्टी." मग काय, ज्याच्या त्याच्या तोंडी कलम! जत्रा चार दिवसांवर आली अन् पिशवीत फक्त आमच्याच घरचे शंभर रुपये. ह्यांनी जेवण टाकलं. एवढा बडबड्या माणूस भिंतीकडं तोंड करून बसला, तवा माझा राग कुठल्या कुठं गेला.

गावजेवण रद्द म्हणून सांगायला हे देवळात उभे राहिले, तशी पारूबाई उठली. ऊसतोडीहून परवाच आलेली एकटी बाई. पाचटाचं खोपटं, दाराला पोतं, उंबराच न्हाई, म्हणून तिला ह्यांनी कधी पट्टी मागितलीच न्हाई. आपण दया करतोय असं वाटायचं ह्यांना, अन् मलाबी. तिनं पदराची गाठ सोडून शंभराची नोट पुढं केली.

"पारूबाई, तुमाला पट्टी लागू न्हाई."

"कोणत्या कलमानं?" ती कडाडली. "बावीस वर्षं माझ्या दारावरनं पुढं जायलाव. गुजरातेतल्या कंपनीला उंबरा करून दिलाव, अन् मला? मी दरसाल जेवते अन् खाली मान घालून उठते. आज ताठ मानेनं जेवू द्या."

मालकांनी वही उघडली. तिचं ऐकून माणिकरावांनीबी नोट पुढं केली, ती ह्यांनी हातानंच थोपवली अन् आदी पारूबाईचं नाव लिहिलं. "चुकलं माझं, बाई," म्हणाले, अन् एवढ्या गावासमोर लेकरावानी रडले.