जरतरबाई आणि दातांचे डॉक्टर

प्राध्यापिकाबाईंना कॉलेजात सगळे मागून जरतरबाई म्हणायचे, आणि बाईंना ते ठाऊक होतं. 'जर असं, तर तसं' हे वाक्य खरं केव्हा मानायचं, यावरून जुने ग्रीक पंडित म्हणे हमरीतुमरीवर आले होते. त्या भांडणाचा कीस पाडणारं पुस्तक लिहिण्यात बाईंचं एक तप गेलं. आता बोला! आत्याबाईला मिश्या असत्या तर काका म्हटलं असतं, हे त्या इतक्या गंभीरपणे फळ्यावर लिहायच्या की वर्गात हसायची कुणाची छाती होत नसे.

दातांच्या डॉक्टरांशी ओळख झाली ती अक्कलदाढेपायी. दाढ गेली, डॉक्टर राहिले. त्यांनी लग्नाचं विचारलं तेव्हा बाई म्हणाल्या होत्या, पुस्तक पूर्ण झालं तर करीन. डॉक्टर बिचारे थांबले. पुस्तकाचं मात्र भिजत घोंगडं. एक प्रकरण संपलं की बाईंना आधीच्या प्रकरणात खोट दिसायची.

एका संध्याकाळी डॉक्टर आले आणि चहासुद्धा नको म्हणाले. धाकट्या भावाच्या गावी चालता दवाखाना मिळतोय, उद्या होय की नाही सांगायचंय. पुस्तक कुठवर आलं, एवढंच त्यांनी विचारलं. बाई पेपर तपासत होत्या आणि निम्म्या वर्गाने एकच चूक केल्यामुळे आधीच तापल्या होत्या. शेवटचं प्रकरण पुन्हा लिहावं लागेल, त्या म्हणाल्या. खोटं बोलणं त्यांना जमायचंच नाही.

"पुस्तक झालं नाही, म्हणजे लग्न नाही," डॉक्टर उठत म्हणाले. "कळलं मला."

"कसलं डोंबल कळलं?" बाई कडाडल्या. "पुस्तक झालं तर लग्न करीन, म्हणाले होते. नाही झालं तर करणार नाही, असं कधी म्हणाले? एकातून दुसरं निघतच नाही. हे समोरचे सगळे गाढव नेमके इथेच..."

आणि त्यांची नजर पेपरांवरून डॉक्टरांकडे वळली. लाल पेन हातातच राहिलं.

डॉक्टर दारात थबकले होते. "मग इतकी वर्षं आपण काय करत होतो?"

"नापास होत होतो. दोघंही." बाईंना हसू फुटलं आणि डोळेही भरून आले. "भावाला नाही म्हणून कळवा. मला तुम्ही हवे आहात. पुस्तक होवो, न होवो."