ल चा ळ

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीला नाही. तुम्हाला सांगतेय, कारण तुम्ही मला ओळखत नाही — आणि ऐकता ऐकता मध्येच 'जाऊ द्या हो बाई' म्हणू नका. त्या शब्दांची मला चीड आहे.

'काळायन' नावाचं एक पुस्तक माझ्या नावावर आहे. म्हणजे संपादक म्हणून. 'काळाच्या स्वरूपावरचं प्राचीन मौखिक महाकाव्य' — असं मुखपृष्ठावर छापलंय. प्राचीन! डोंबल माझं. छापलं तेव्हा ते काव्य चार वर्षांचंसुद्धा नव्हतं.

शहाऐंशी-सत्त्याऐंशीची गोष्ट. मी अंबरनाथ पूर्वेला राहायचे आणि उल्हासनगरच्या एका शाळेत मराठी शिकवायचे. वर्गात बहुतेक मुलं सिंधी. 'शाला', 'फला', 'काला' — बोलायची तसंच लिहायची. लाल पेनाने ल चा ळ करण्यात माझा दिवस जायचा. हात इतका बसला होता की दुकानांच्या पाट्यांवरही मी मनातल्या मनात खाडाखोड करायचे.

रविवारी पालेगावहून चांगुणाबाई दारावर भाजी घेऊन यायची. आगरी बाई. पूर्वी गावात धवलारीण होती, म्हणजे लग्नात धवले गाणारी. रात्रंदिवस गायली तरी एक शब्द इकडचा तिकडे व्हायचा नाही म्हणे. पोरगा गेल्यावर तिने लग्नात गाणं सोडलं. पण माझ्या दारात टोपली टेकवली की एकच लांबलचक गाणं म्हणायची —

काल खाऊन गेला भाकर,
काल माघारी नाय आला.

आगरी बोलीत ळ चा ल होतो, हे मला ठाऊक नव्हतं का? होतं. म्हणून तर घात झाला. मला ऐकू आलं 'काळ'. काळ भाकर खाऊन गेला, काळ माघारी आला नाही! मी उडालेच. अंगठा उठवणाऱ्या बाईच्या तोंडी एवढं तत्त्वज्ञान? दर रविवारी तिला बसवून घेतलं, चारशे ओळी उतरवल्या, आणि उतरवता उतरवता सगळीकडे ल चा ळ करत गेले.

इथवर चूक होती. चूक होते हो कुणाच्याही हातून. मी सांगायला बसलेय ते चुकीबद्दल नाही.

एका रविवारी गाण्यात ठेकेदाराचं नाव आलं. मग कंपनीचं फाटक आलं, रसायनाची टाकी आली, निळा सदरा आला. मी विचारलं, काळाच्या गाण्यात हे काय मध्येच? तिने माझ्याकडे वेड्या बाईकडे बघावं तसं बघितलं. "काल म्हंजे काल, बाय. आजचे आदला दिस. बालाराम काल गेला ना माजा."

काल! बाळाराम, तिचा एकुलता एक पोरगा, जाऊन साडेतीन वर्षं झाली होती. टाकी साफ करायला आत उतरवला आणि आतच गेला. ठेकेदार म्हणाला, तो त्या दिवशी कामावर आलाच नव्हता. पण त्याची घरी विसरलेली भाकर घेऊन चांगुणाबाई त्या दिवशी फाटकापर्यंत गेली होती. पोराने तिथे उभ्याने भाकर खाल्ली. त्याला हाक कुणी मारली, बाजूला कोण उभं होतं, भोंगा कधी वाजला — तिने सगळं गाण्यात बांधून ठेवलं होतं. लिहिता न येणारी बाई दुसरं काय करणार? आणि मला ती कशासाठी सांगत होती? ठाण्याला भरपाईची सुनावणी होती. तिथल्या साहेबाला वाचायला मिळावं म्हणून. पहिल्याच रविवारी तिने मला हे सांगितलं होतं. मी 'हो हो' म्हटलं होतं. ऐकलं होतं कुणी?

आता कळलं होतं ना सगळं? मग मी काय केलं? तोवर एका मोठ्या प्राध्यापकांना पत्र गेलं होतं आणि त्यांचं उत्तर आलं होतं — 'अद्भुत! लगेच छापा.' मी एकही ळ खोडला नाही. उलट ठेकेदाराचं नाव, फाटक, टाकी, भोंगा — त्या सगळ्या ओळी उचलून बाहेर काढल्या आणि खाली टीप दिली: 'हा भाग प्रक्षिप्त, नंतरच्या गायकांनी घुसडलेला.' घुसडलेला! आईने स्वतःच्या गाण्यात पोराला घुसडला म्हणे. प्रस्तावनेत लिहिलं, 'रचनाकार अज्ञात.' हे लिहिलं त्या दिवशी रचनाकार माझ्या दारात मेथीच्या जुड्या सोडवत बसली होती.

शाल मिळाली, नारळ मिळाला, भाषणं झाली. त्या विद्वानांपैकी एकानेही विचारलं नाही की ही गाणारी बाई कोण. संताप येतो मला त्यांचा. पण त्यांना फसवलं कुणी? मीच ना? कॉलेजात मी 'पाणी'ला 'पानी' म्हणायचे म्हणून पोरी फिदीफिदी हसायच्या, तेव्हा घरी येऊन रडणारी मीच ना?

पुस्तक आलं तेव्हा एक प्रत तिला दिली. तिने आधी हात पदराला पुसले. मग उलटसुलट करून बघितलं.

"बाय, माजा पोऱ्या कंच्या पानाव हाय? सोमवारी साहेबाला दाखवाया लागंल."

तो कुठल्याच पानावर नव्हता. हे सांगायला किती वेळ लागला असता? मी मधलंच कुठलंतरी पान उघडलं — निराकार, अनंत काळावरचं माझंच भाष्य होतं त्यावर — तिचं बोट धरलं, पानावर टेकवलं आणि म्हटलं, "हा बघा, इथे."

तिने त्या ओळीवरून दोनदा हात फिरवला. पानाचा कोपरा नीट दुमडला. आणि सोमवारी तेच पान उघडून ती साहेबासमोर उभी राहिली.